परतलेल्या माणसांचं घर त्यांच्याच हातून: किळिनोच्चीत शिकलेली रीत

पहिल्या दिवशी टेप पिशवीतच राहू द्या. घरची बाई सांगेल तिथं बसा, तळहातावर साखर घेऊन कोरा चहा प्या, आणि तिला म्हणा, मला तुमचं वळवु दाखवा. वळवु म्हणजे कुंपणाच्या आतली, घराभोवतीची सगळी जागा. ती कशामागून काय दाखवते तो क्रम वहीत लिहा. श्रीलंकेच्या उत्तरेत, किळिनोच्चीत, बहुतेक जणी आधी विहीर दाखवायच्या, मग शेंडा उडालेला ताड किंवा वाचलेला आंबा, आणि जुन्या घराचं जोतं अगदी शेवटी, तेही विचारल्यावर. तिच्या दृष्टीनं घर कुठून सुरू होतं ते त्या क्रमात कळतं.

मी उमरगा तालुक्यातली. 30 सप्टेंबर 1993 च्या पहाटे, गणपती विसर्जनाच्या रात्री, किल्लारीच्या भूकंपात आमची दगडमातीची भिंत आणि माळवद खाली आलं तेव्हा मी नऊ वर्षांची होते. पुढे सिव्हिल इंजिनिअर झाले, आणि 2013 व 2014 ही दोन वर्षं श्रीलंकेच्या उत्तरेत, किळिनोच्ची जिल्ह्यात, एका संस्थेची तांत्रिक अधिकारी म्हणून घरांवर देखरेख केली. श्रीलंकेचं सैन्य आणि तमिळ वाघ (एलटीटीई) यांच्यातलं तिथलं युद्ध मे 2009 मध्ये संपलं. किळिनोच्ची ज्यात येतं त्या वन्नी भागातली जवळजवळ तीन लाख माणसं वव्हुनियाजवळच्या मेनिक फार्म छावणीत तारांच्या कुंपणाआड होती, ती टप्प्याटप्प्यानं गावी सोडली, आणि छावणी सप्टेंबर 2012 मध्ये बंद झाली. भारत सरकारनं श्रीलंकेत 50,000 घरांसाठी मदत दिली. उत्तर आणि पूर्वेत एका नव्या घराला श्रीलंकेचे 5,50,000 रुपये, हप्त्याहप्त्यानं थेट कुटुंबाच्या बँक खात्यात. मोजके अपवाद सोडले तर कंत्राटदार नाही. घर ज्याचं, बांधणारा तोच. आपण फक्त सोबत राहायचं.

हल्ली पूर, भूकंप, दंगल झालेल्या भागात जाणारी तरुण मुलं मला विचारतात, सुरुवात कुठून करायची. त्यांच्यासाठी हे लिहिते आहे.

कागद आणि एक न विचारायचा प्रश्न

किळिनोच्चीत बरीचशी जमीन सरकारी परवान्यावर दिलेली, आणि परवाना नवऱ्याच्या नावावर. तो कागद पळापळीत जळालेला किंवा भिजून लगदा झालेला. ग्रामसेवकाच्या कचेरीतून दाखला, विभागीय सचिवालयातून परवान्याची नक्कल, मग बँक खातं, या क्रमानं चला. प्रत्येक कागदाच्या तीन झेरॉक्स काढा, एक प्लास्टिकच्या पिशवीत घालून घरातल्या सर्वांत उंच जागी टांगायला सांगा.

फॉर्मवर नवऱ्याचा रकाना येतो. तिथं "वारले का" असं विचारू नका. माझ्या पहिल्या आठवड्यात मी एका बाईला ते विचारलं. ती काही बोलली नाही, उठून आत गेली, आणि त्या दिवशी परत बाहेर आली नाही. तिच्या नवऱ्याला मे 2009 मध्ये तिच्या डोळ्यांदेखत बसमध्ये बसवून नेलं होतं, हे मला नंतर शेजारणीनं सांगितलं. कागदासाठी मृत्यूचा दाखला घ्या असं कचेऱ्या सांगत, आणि तो घेणं म्हणजे आपणच त्याला मारणं, असं या बायकांना वाटे. "बेपत्ता असल्याचा दाखला" देणारा कायदा तिथं 2016 मध्ये आला. 2017 च्या फेब्रुवारीत किळिनोच्चीतल्या कंदस्वामी कोविलजवळ या आया-बायका रस्त्याकडेला धरण्याला बसल्या त्या याच माणसांसाठी. तेव्हा असं विचारा: "आज घरात किती माणसं जेवतात? आणखी कोणासाठी खोली धरायची का?" एकीनं उत्तर दिलं होतं, मुलासाठी धरा, तो आला तर झोपेल कुठं. आम्ही धरली.

जमिनीवर पाऊल ठेवण्याआधी

इथं शॉर्टकट नाही. सुरुंग काढणाऱ्या पथकानं ती जागा मोकळी केल्याचा कागद पाहिल्याशिवाय एक कुदळ मारू नका. त्या काळी तिथं परदेशी संस्थांबरोबर भारतातल्या निवृत्त जवानांची पथकंही हे काम करत होती. लाल फलक, लाल काठ्या दिसल्या की पलीकडे जायचं नाही, शेळी गेली तरी नाही. खणताना गंजलेलं काही लागलं तर हात थांबवा, आलात त्याच पावलांनी मागे या, जागेवर खूण करा आणि कळवा. पोरांना "मिदिवेडी", म्हणजे सुरुंग, हा शब्द अक्षरं येण्याआधी येतो. त्यांचं ऐका. कुठं खेळायचं नाही हे मुलांइतकं कोणाला ठाऊक नसतं.

आखणी, आणि बुजवलेला बंकर

आता टेप काढा. पण त्याआधी पहार.

युद्धाच्या शेवटच्या वर्षांत वन्नीत जवळजवळ प्रत्येक वळवुमध्ये बंकर होता. छातीएवढा खोल खड्डा, वर ताडाचे ओंडके आणि त्यावर मातीच्या पिशव्या. पोती मिळेनाशी झाली तेव्हा बायकांनी लग्नातल्या साड्या फाडून पिशव्या शिवल्या. परतल्यावर लोकांनी हे खड्डे हाताला लागेल त्यानं बुजवले: मोडकी कौलं, झावळ्या, राख, सैल माती. वरून सगळं सपाट. पाया त्यावर गेला तर घराचा तो कोपरा बसणारच.

परंतनच्या पूर्वेला एका अक्काच्या घराची आखणी मी केली. फक्की मारली, 3-4-5 च्या दोरीनं गुण्या तपासला, सगळं काटकोनात. अक्का दोनदा म्हणाली, "मिस, त्या कोपऱ्यात नको." तिथं बाई अधिकारी म्हणजे मिस. मला वाटलं दिशेचं काही असेल, म्हणून मी समजूत घातली. नोव्हेंबरच्या पावसात आग्नेयेचा कोपरा दीड इंच खाली गेला आणि जोत्यापासून खिडकीपर्यंत तिरकी भेग पडली. खाली बंकर होता. त्या बंकरात तिची सासू गेली होती, म्हणून ती उघड बोलत नव्हती. भेग दुरुस्त करायला जो खर्च आला तो हप्त्यात बसणारा नव्हता. ती चूक माझी होती, आणि तेव्हापासून मी ही रीत कधी मोडली नाही:

जिथं भिंत येणार त्या सगळ्या रेषेवर दर दोन फुटांवर पहार मारून बघा. कडक जमिनीत ती हातभरसुद्धा जात नाही, भरावात सरसर उतरते. पावसानंतर गवत कुठं वेगळं, जास्त हिरवं उगवतं ते पाहा. आणि विचारा, "इथं कुठं बसायचात, गोळे पडायचे तेव्हा?" एकदाच विचारा, सावकाश, आणि उत्तर नाही आलं तरी त्या माणसाची नजर कुठं जाते ते पाहा. बंकर सापडला तर शक्यतो घरच सरकवा. जागा नसेल तर सगळा सैल भराव कडक तळ लागेपर्यंत उपसा, मग मुरूम सहा-सहा इंचांच्या थरांनी टाका, प्रत्येक थरावर पाणी मारून धुमसानं दाबा. सोलिंग, म्हणजे पायाखालचा दगडांचा थर, त्यानंतर. घाई केलीत तर ती भिंत बोलते.

घरच्यांना त्या जागी झाड लावायचं असतं. लावू द्या, कडुलिंब नको म्हणा फक्त. मुळं पायाकडे येतात.

विहीर

घराआधी विहीर. ब्लॉक पाडायला, कॉंक्रीटवर मारायला आणि प्यायला पाणी तीच देते. पाच-सहा वर्षं पडून राहिलेल्या विहिरीत काय असेल सांगता येत नाही, म्हणून आधी सुरुंगवाल्या पथकाला दाखवा. त्यांनी हो म्हटलं की उपसायला घ्या. पेट्रोल-डिझेलचा पंप विहिरीत कधीही उतरवू नका, धुरानं आत गेलेला माणूस बेशुद्ध होतो. पंप वर, पाइप आत. समुद्र किंवा खाजण जवळ असेल तर हळूहळू उपसा, नाहीतर खारं पाणी वर येतं आणि मग जात नाही.

गाळ काढला, भिंती घासल्या, पाणी परत भरलं, की क्लोरीन. हिशेब सोपा आहे. विहिरीचा व्यास मीटरमध्ये मोजा, त्याला त्यानंच गुणा, मग पाण्याच्या खोलीनं, मग 0.785 नं. तीन मीटर व्यास आणि दोन मीटर पाणी म्हणजे साधारण 14 घनमीटर, अर्थात 14,000 लिटर. सुमारे 70 टक्के क्लोरीन असलेली पूड असेल तर दर 1,000 लिटरला 80 ग्रॅम, म्हणजे या विहिरीला सव्वा किलोच्या आतच. साधी ब्लीचिंग पावडर त्याच्या निम्म्याहून कमी ताकदीची असते, ती दुपटीहून जास्त लागते. पूड बादलीत कालवा, निवळ पाणी चारी बाजूंनी ओता, किमान बारा तास कोणी घागर बुडवायची नाही. मग वास जाईपर्यंत पुन्हा उपसा. शेजारच्या तीन घरांना आदल्या दिवशीच सांगून ठेवा, कारण विहीर एकाची असली तरी दोर चौघींचे असतात.

हंगाम पाहून काम

आपल्याकडचा जून डोक्यातून काढा. तिथं मुख्य पाऊस ऑक्टोबर ते डिसेंबर, ईशान्येचा. भाताचा मोठा हंगाम, पेरुंबोगम, त्याच पावसावर. पेरणी आणि कापणीच्या दिवसांत गवंडी मिळत नाही, कारण गवंडीही शेतकरीच. म्हणून जानेवारीनंतर, विहिरी भरलेल्या असताना पाया आणि ब्लॉक. ऑगस्टमध्ये ब्लॉक पाडाल तर पाणी मारायला पाणी नसेल, आणि कोरडा वारा ते दुपारपर्यंत भाजून काढेल. ब्लॉकला दोन आठवडे ओल हवीच, झावळ्यांखाली झाका. समुद्रकाठची वाळू फुकट मिळते म्हणून आणू नका, मिठानं सळई गंजते. वाळू चांगली का ते बघायला काचेच्या बाटलीत वाळू-पाणी हलवून तासभर ठेवा, वर गाळाचा थर जाड दिसला तर ट्रॅक्टर परत पाठवा. सप्टेंबर संपण्याआधी कौलं चढलीच पाहिजेत.

छपराच्या बाबतीत एक सांगते. 2008-09 मध्ये माणसं गाव सोडताना कौलं, दारं, पत्रे उतरवून ट्रॅक्टरवर घालून बरोबर नेत होती. दर नव्या मुक्कामी तेच छप्पर पुन्हा घालायचं आणि पुन्हा उतरवायचं. त्यामुळे ताडाच्या वाशावर कौल कसं बसतं हे तिथल्या चौदा वर्षांच्या पोरीलाही येतं. गवंड्यापेक्षा घरच्यांना काय येतं ते आधी विचारा. मजुरी तिथंच वाचते.

पैसा: इथं सर्वांत जास्त वेळ द्या

युद्धातून वाचलेली माणसं घरापायी कर्जात बुडालेली मी पाहिली आहेत. म्हणून तुमचा अर्धा वेळ या कामाला ठेवा.

पैसे खात्यात आले की नातेवाईक, गवंडी, सिमेंटवाला, सगळे मोठ्या घराचा सल्ला देतात. टोरांटोहून मामाचा नकाशा येतो, तीन खोल्या आणि पुढं खांबांचा व्हरांडा. पाया त्या मापानं पडतो, पहिला हप्ता पायातच गाडला जातो, लिंटलपर्यंत, म्हणजे दार-खिडक्यांवरच्या आडव्या पट्टीपर्यंत, जायला पैसे उरत नाहीत, आणि लिंटल झाल्याशिवाय पुढचा हप्ता नाही. मग सोनं गहाण. एका अक्कानं तालिक्कोडी, म्हणजे आपलं मंगळसूत्र, गहाण टाकलं होतं. नवरा बेपत्ता, तो जिवंत आहे म्हणून ती ते गळ्यात घालायची. मी तिला दुसरा मार्ग दाखवायला दोन आठवडे उशिरा पोचले. नंतर आठवड्याच्या हप्त्यानं कर्ज देणारे मोटरसायकलवरून आले. एकीच्या दारात मंगळवारी एक, बुधवारी दुसरा, शुक्रवारी तिसरा असे. हा प्रकार पुढे इतका वाढला की 2018 मध्ये दुष्काळी जिल्ह्यांतल्या बायकांची छोटी कर्जं माफ करायचा निर्णय श्रीलंका सरकारला घ्यावा लागला.

तेव्हा काय करायचं ते असं. आधी सुमारे 550 चौरस फूट, दोन खोल्या, बैठक, स्वयंपाकघर, एवढंच छताखाली आणा. मामाच्या व्हरांड्याला नाही म्हणू नका, त्या बाजूच्या भिंतीत एकाआड एक ब्लॉक बाहेर ठेवून दाते सोडा. पुढे पैसे आले की भिंत जोडता येते, आणि मामाचाही मान राहतो.

गवंड्याशी रोजावर ठरवू नका. जोतं, लिंटल, आढं, गिलावा, अशा टप्प्यांवर उक्तं ठरवा, आणि झालेल्या कामाहून एक रुपया पुढे द्यायचा नाही. हे ठरवताना घरची बाई एकटी असेल तर तिच्या शेजारच्या दोघी आणि गावातला एक म्हातारा बसवून घ्या, तुम्ही गप्प राहा. तुम्ही बोललात तर गवंडी तुमचा होतो, तुम्ही गेलात की तो तिचं ऐकत नाही.

पाच-सहा घरांनी मिळून सिमेंट, सळई, कौलं आणा, लॉरीचं भाडं वाटलं जातं. तिथं "सीट्टु" चालते, म्हणजे आपली भिशीच. छावणीतसुद्धा बायकांनी ती साबण आणि साखरेवर चालवली होती. तीच भिशी मजुरीसाठी लावली की सावकाराकडे जायची वेळ फार थोड्यांवर येते. जिची भिंत लिंटलला अडली तिला पहिली उचल, असा नियम आमच्या एका गटातल्या बायकांनीच केला. मला तो सुचला नसता.

आणि वही. शाळेची चाळीस पानी वही, त्यात तारीख, काय आणलं, किती दिले, किती उरले. ज्या अक्काला लिहिता येत नव्हतं तिनं सिमेंटच्या पोत्याला एक रेघ आणि वाळूच्या खेपेला एक गोल असं भिंतीवर कोळशानं मांडलं होतं. हिशेब झाला तेव्हा वाळूवाल्याच्या कागदावर अकरा खेपा होत्या आणि तिच्या भिंतीवर नऊ गोल. त्यानं दोन खेपांचे पैसे सोडले.

चूल

किल्लारीनंतर 52 गावं नव्या जागी वसवली. आम्हाला मिळालेलं घर भक्कम होतं, सरळ ओळीत होतं, आणि त्यात आजीची चूल, शेळी, कडबा, कणगी यांपैकी कशालाच जागा नव्हती. वर्षभरात आईनं पुढं पत्र्याचं शेड काढलं आणि आम्ही तिथंच राहू लागलो, घरात फक्त झोपायला जायचो. हे मला ठाऊक असूनही किळिनोच्चीतल्या नकाशात स्वयंपाकघर आत पाहून मी खूश झाले होते. पण पुट्टू वाफवायला आणि भात शिजवायला लाकूडच जळणार होतं, आणि धूर कौलांखाली कोंडणार होता.

म्हणून भिंती उठण्याआधी सकाळचा स्वयंपाक होताना जाऊन बसा. ती कुठं वाकते, पाणी कुठून आणते, नारळ कुठं किसते, पोराला कुठं बसवते, हे पाहा. चुलीवर धुराडं किंवा कौलांत उंच झरोका, उभ्यानं काम होईल असा चुलीचा ओटा, आणि स्वयंपाकघराचं दार विहिरीच्या बाजूला. या तीन गोष्टींना पैसे जवळजवळ लागत नाहीत. मागं शेवगा आणि मिरची लावायला चार हात जागा मोकळी सोडा. ब्लॉक पाडताना सांडलेलं पाणी तिकडे गेलं की रोप आपोआप धरतं. घर पुरं व्हायच्या आधी भाजी सुरू झाली की घरातलं बोलणं बदलतं, हे मी अनेक घरांत पाहिलं.

चौकट

पुढच्या दाराची चौकट बसवायला तिथं मुहूर्त पाहतात, आपल्या उंबऱ्याच्या पूजेसारखंच. त्या दिवशी तुमची तपासणी ठेवू नका. ओळंबा दुसऱ्या दिवशी लावता येतो. बोलावलं तर जा, मागं उभ्या राहा. चौकटीला हात कोणाचा लागावा हे घरच्यांनी ठरवायचं असतं, आणि ज्याचा लागायचा तो कधी कधी तिथं नसतो. निघताना "जाते" म्हणू नका. आपण "येते" म्हणतो, ते म्हणतात "पोयिट्टु वारन्", जाऊन येते. आणि खरंच परत या.

शेवटची भेट पावसात

शेवटचा हप्ता निघाला की फाइल बंद होते, तरी पहिल्या मोठ्या पावसात एकदा जाच. कौलांखाली उभं राहून वर बघा, उजेड दिसतो तिथं पाणी येणार. खिडकीखालच्या भिंतीला हात लावा, ओल कुठवर चढली ते कळेल. जोत्याभोवती पाणी साचतं का, शौचालयाचा खड्डा विहिरीकडे वाहतो का, हे पावसातच दिसतं, उन्हात सगळी घरं चांगली दिसतात.

परंतनच्या त्या भेगवाल्या अक्काकडे मी 2014 च्या नोव्हेंबरात अशीच गेले. कोपरा आम्ही पुन्हा खालून बांधून घेतला होता, भेग उघडली नव्हती. तिनं वळचणीचं पाणी त्या कोपऱ्यापाशी मुरू नये म्हणून फावड्यानं एक चर काढला होता, हातभर रुंद, तळाला फुटक्या कौलांचे तुकडे, उतार बरोबर शेवग्याच्या आळ्यात. तो कुठल्याच नकाशात नव्हता. मी छत्री तिच्या मुलीकडे दिली, टेप काढला, चराची मापं घेतली आणि पुढच्या सगळ्या घरांच्या नकाशावर तो हातानं काढून घेतला.